राखणदाराचीही राखण हवी
(मंडळाच्या व्याख्यानमालेत केलेल्या भाषणाचा सारांश)



आधी एक कबुली देतो. गेल्या वर्षी उत्सवाच्या हॉलमध्ये कॅमेरे बसवून घेण्याची जबाबदारी माझ्याकडे होती. पुण्या-नागपूरच्या नातेवाइकांना मोबाइलवर आरती दिसली, सर्वांनी कौतुक केले. तिसऱ्या दिवशी सहज तपासले, तर पासवर्ड कारखान्यातून आला तोच! आणि एक कॅमेरा नाटकासाठी भगिनी तयार होतात, त्या खोलीच्या दाराकडे वळलेला. त्या रात्री मला झोप लागली नाही.

हा कॅमेरा म्हणजे एक छोटा संगणकच. बाहेरून चित्र दिसावे म्हणून राउटरमध्ये 'पोर्ट' उघडतात. यूपीएनपी सुरू असेल तर तो आपोआपही उघडतो. इंटरनेटला जोडलेली अशी उपकरणे हुडकणारे 'शोदान' हे शोधयंत्र २००९ पासून आहे. २०१४ साली एका संकेतस्थळावर जगभरातील हजारो कॅमेऱ्यांचे थेट चित्रण कोणालाही पाहता येत होते. तिथे कुलूप फोडावे लागलेच नाही. किल्ली कुलपालाच लटकत होती. २०१६ मध्ये 'मिराई'ने नावे आणि पासवर्ड यांच्या साठेक तयार जोड्या वापरून असंख्य कॅमेरे ताब्यात घेतले. आणि २०२५ मध्ये राजकोटच्या एका प्रसूतिगृहातील महिला रुग्णांचे चित्रण बाहेर विकले गेल्याचे उघडकीस आले. हे आठवले की आपल्या हॉलमधले ते दार डोळ्यांपुढे येते.

उपाय सोपे आहेत. बसवल्याच दिवशी पासवर्ड बदला. तो लांब आणि दुसरीकडे कुठेही न वापरलेला असावा. बसवणाऱ्या कारागिराच्या मोबाइलवर आपले चित्र राहिले नाही ना, हे पाहा. राउटरमधील यूपीएनपी आणि उघडे पोर्ट बंद करा. कंपनीचे अपडेट वेळेवर घ्या. ज्याला अपडेट येणे बंद झाले, तो कॅमेरा इंटरनेटवरून काढा. आणि मुख्य म्हणजे, जिथे माणूस निवांत असतो तिथे कॅमेरा नकोच.

यंदा पासवर्ड बदलला आहे आणि तो कॅमेरा मी स्वतः काढला आहे. आपणही आज घरी गेल्यावर, झोपण्यापूर्वी, आपापला कॅमेरा एकदा तपासावा, एवढीच विनंती.

गणपती बाप्पा मोरया!