ऐतानाबरोबर रोज कोण जायचं?

(ग्रामसंघाच्या मासिक सभेत झालेलं बोलणं. वाचायला सोपं जावं म्हणून थोडं आवरून दिलं आहे.)



मागच्या सभेत आपल्या गावातल्या आठवीतल्या एका पोरीचा विषय निघाला होता. फुटबॉल चांगली खेळते, सरावाला तालुक्याला जायचं म्हणते. पण 'यायला अंधार पडतो, सोबत कोण जाणार?' इथं बोलणं अडलं आणि आपण सरळ कर्जफेडीच्या विषयाला हात घातला. तो अडलेला विषय मी आज परत काढणार आहे. त्याआधी लांबच्या एका पोरीची हकीकत सांगते.

स्पेन देशात बार्सिलोना नावाचं मोठं शहर आहे. तिथून चाळीसेक किलोमीटरवरच्या एका लहान गावात ऐताना बोनमाती वाढली. जन्म १९९८ चा. जगातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूला देतात तो बॅलन डी'ओर नावाचा मान तिला २०२३, २०२४ आणि २०२५ असा लागोपाठ तीनदा मिळाला. पण ते सगळं नंतरचं. मला तिचे सुरुवातीचे दिवस सांगायचेत.

आधी तिचं नाव बघा. बोनमाती हे तिच्या आईचं आडनाव. तिकडे माणसाला दोन आडनावं असतात, बापाचं आणि आईचं. ती जन्मली तेव्हा बापाचंच आधी लावायचं असा कायदा होता. तिचे आईवडील दोघंही शिक्षक. आईचं आधी लावायचं म्हणून ते अडून बसले, आणखी लोकांबरोबर त्यांनी खटपट केली आणि १९९९ साली कायदा बदलला. आपल्या राज्यात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या लेकराच्या नावापुढे आधी आईचं नाव, मग वडिलांचं, असं कागदावर लागायला लागलं. ते मी इथं सांगितलं तेव्हा कुणीतरी म्हणालं होतं, "नावानं काय पोट भरतंय का?" नसेल भरत. पण त्या घराची रीत काय होती ते मला त्या नावातच दिसलं.

सात वर्षांची असताना ती गावातल्या क्लबात खेळायला लागली. सगळी पोरं, त्यात ही. टोमणे बसायचे. ही चिडायची, भांडायची आणि परत खेळायची.

तिची जागा मधल्या फळीत, म्हणजे मिडफिल्डर. आपल्या भाषेत सांगायचं तर गटाची सचिव. फोटो अध्यक्षांचा येतो, कर्ज मिळालं की नाव बँकेचं होतं, पण कुणाचा हप्ता राहिलाय, कुणाला खरी गरज आहे हे सचिवाच्या डोक्यात असतं. तसं मैदानात गोल करणारी वेगळी, अडवणारी वेगळी. मधलीनं मागून आलेला बॉल घ्यायचा, मान वळवून कोण मोकळी आहे ते बघायचं आणि तिच्याकडे द्यायचा. आणि वेळ आली की स्वतः पुढे धावायचं. ताकदीपेक्षा नजर लागते. पोरांपेक्षा अंगानं लहान असलेली ऐताना ही नजर तिथंच कमवत होती.

२०१२ मध्ये, चौदा वर्षांची असताना, बार्सिलोना क्लबानं तिला मुलींच्या संघात घेतलं. आता हे नीट ऐका. बाहेरगावच्या मुलांसाठी त्या क्लबाचं वसतिगृह १९७९ पासून होतं. जेवण, राहणं, शाळा, सगळं. मुलींना तिथं जागा मिळाली २०२१ मध्ये! म्हणजे ऐतानाला रोज जाऊन येऊन करणं भाग. आईला गाडी येत नाही, बापाला येत नाही. मग बाप तिच्याबरोबर बसनं, रेल्वेनं जायचा. सराव संपेपर्यंत थांबायचा. घरी यायला रात्र व्हायची. एक-दोन दिवस नाही, असं दोनेक वर्षं चाललं.

पुढे क्लबाच्या दुसऱ्या फळीच्या संघात खेळली. २०१५ मध्ये सतरा वर्षांखालच्या मुलींची युरोपची स्पर्धा स्पेननं जिंकली, त्या संघात ती होती. २०१६ मध्ये मोठ्या संघात आली. पण आली म्हणजे लगेच खेळायला मिळालं असं नाही. सुरुवातीला बरेचदा बाकावर बसायचं आणि शेवटी शेवटी बदली म्हणून उतरायचं. २०१९ ला तिचा संघ युरोपच्या सगळ्यात मोठ्या क्लब स्पर्धेच्या अंतिम सामन्यात पोचला आणि लिऑन या फ्रान्सच्या संघाकडून ४-१ असा हरला. अर्ध्या वेळेतच चार गोल खाल्ले होते. दोन वर्षांनी, १६ मे २०२१ ला, स्वीडनमधल्या गोथेनबर्ग गावात त्यांनी चेल्सी या इंग्लंडच्या संघाला ४-० हरवलं. या वेळी चारही गोल पहिल्या अर्ध्यातच झाले. तिसरा ऐतानाचा. सामन्यातली उत्तम खेळाडूही तीच. वय तेवीस.

मी हे का सांगतेय? माझी थोरली खो-खो खेळायची. जिल्ह्याला निवड झाली होती. सराव साडेपाचला सुटायचा, एसटी पावणेसातला. एक महिना मी गेले. मग सोयाबीन काढणी आली, सासूबाई आजारी पडल्या, हे म्हणाले बस झालं आता. मीही मान डोलावली. पोरगी काही बोलली नाही. बूट मात्र तिनं दोन वर्षं कुणाला देऊ दिले नाहीत. आज ती सासरी सुखात आहे, पण टीव्हीवर मुलींचा सामना लागला की ती उठून आत जाते. ते मला दिसतं.

आता आपल्या पोरीचं. सराव मंगळवारी आणि शुक्रवारी. येता-जाता एसटीला महिलांना अर्धं तिकीट आहे, म्हणजे पैशाचं कारण फार मोठं नाही. तिच्या आईला दोन्ही दिवस जमणार नाही, मजुरी बुडते. बाप बाहेरगावी कामाला. आपल्या ग्रामसंघात चौदा गट आहेत. एकेका गटानं एकेक आठवडा घेतला तर तीन महिन्यांतून एकदा पाळी येते. बाजार, दवाखाना, बँक, तालुक्याला काम तर प्रत्येकीला निघतंच.

सचिवताई, वही काढा. पहिल्या मंगळवारी माझं नाव लिहा.