गावाला न दुखावता हसविणारा दिग्दर्शक

हॉलंडमध्ये गीतहोर्न नावाचे एक खेडे आहे. जुन्या गावात रस्त्यांऐवजी पाण्याचे पाट, घरोघरी लाकडी पूल. गाय कुरणात न्यायची तर तीही नावेतून! 1958 साली बर्ट हान्स्ट्रा या दिग्दर्शकाने येथे ‘फानफारे’ हा विनोदी बोलपट घेतला. तो त्याने यान ब्लोकर या लेखकाबरोबर लिहिला.

गोष्ट म्हणाल तर चिमूटभर. गावचा बँड एक. स्पर्धा तोंडावर आलेली, आणि नेमके तेव्हाच बिनसते. एकाचे दोन बँड होतात. मग काय, स्वतःच्या तालमीपेक्षा दुसऱ्याच्या तालमीत खोडा घालण्याचाच उत्साह अधिक! शेवटी स्पर्धेत दोघांचे सूर एकमेकांत चपखल बसतात. तेव्हाच्या सुमारे 1 कोटी 10 लाख वस्तीच्या देशात हा बोलपट 26 लाख प्रेक्षकांनी पाहिला.

आता, खेडुताला बावळट दाखवून शहरात हशा पिकविणे काही अवघड नाही. हान्स्ट्राने ते केले नाही. त्याची माणसे हट्टी आहेत, मूर्ख नाहीत. तो स्वतः 1916 साली एस्पेलो या खेड्यात, शिक्षकाच्या घरी जन्मला होता. शिवाय मूळचा तो अनुबोधपट काढणारा. आधी पाहायचे, मग हसायचे, ही त्याची सवय. त्याच वर्षीच्या ‘ग्लास’मध्ये निवेदनाचा शब्दही नाही. गाल फुगवून काच फुंकणारे कारागीर आहेत, आणि एक बाटली अडताच पुढच्या साऱ्या फोडत सुटणारे यंत्र आहे. या छोट्या पटाला 1960 साली ऑस्कर मिळाले.

पुढचा विनोदी बोलपट मात्र पडला. ब्रुसेल्सचा प्रसिद्ध छोटा पुतळा चोरीस जातो, अशी त्याची कथा होती. माझ्या मते कल्पना गमतीची, पण तीत गीतहोर्नसारखी मुरलेली माणसे नव्हती. मग तो पुन्हा पाहण्याकडे वळला. 1962 साली प्राणिसंग्रहालयात त्याने कॅमेरा लपविला आणि माकडांबरोबर माकडे पाहणाऱ्यांनाही टिपले! 1963 च्या ‘आलेमान’मध्ये तर सारा देशच त्याच्या दृष्टीखाली आला. निवेदन विनोदी लेखक सिमोन कार्मिखेल्ट यांचे. पुढल्या वर्षी बर्लिनच्या महोत्सवात त्याला सुवर्ण अस्वल मिळाले; आणि ज्यांना चोरून टिपले होते, तेच डच लोक तिकीट काढून स्वतःला हसायला आले.

हान्स्ट्रा 1997 साली वारला.