फुकटात पाहिलेला सामना

(रौप्यमहोत्सवी कार्यक्रमात माजी खजिनदारांनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



पंचवीस वर्षांतल्या आठवणी सांगा म्हणून मला उभं केलंय. टँकरच्या आणि बंद पडलेल्या लिफ्टच्या आठवणी बाकीचे सांगतीलच. मी एकच सांगणार आहे, आणि ती माझ्या चुकीची आहे. कमिटीला ती पूर्ण माहीत आहे, तुम्हाला अर्धी.

१९ नोव्हेंबर २०२३, रविवार. अहमदाबादला वर्ल्ड कपची फायनल. मी सोसायटीच्या ऑफिसात थकबाकीची यादी करत बसलो होतो. मोबाइलवर सामना अधिकृतपणे फुकट दिसत होता. पण मला ऑफिसच्या संगणकाचा मोठा पडदा हवा होता आणि त्यावर बघायला वर्गणी लागत होती. ती भरायची सोडून मी शोधाशोध केली आणि एक साइट सापडली.

प्ले दाबलं की भलतीच खिडकी उघडायची. ती बंद करायची, पुन्हा दाबायचं. मला वाटलं साइट बिघडलीये. बिघडली नव्हती, तो तिचा धंदाच असतो. व्हिडिओवर न दिसणारा एक थर पसरलेला असतो आणि आपल्या क्लिकचे पैसे साइटवाला जाहिरातवाल्याकडून घेतो. चौथ्या वेळी पाटी आली, 'तुमचा प्लेअर जुना झाला आहे, अपडेट करा.' अँटिव्हायरसने हरकत घेतली, मी त्याला गप्प केलं. आणि सामना सुरू झाला हो! अगदी स्वच्छ दिसला. ट्रॅव्हिस हेडने १३७ काढल्या, आपण हरलो, मी कुलूप लावून घरी आलो. पुढे दीड महिना काहीही झालं नाही.

जानेवारीत मेंटेनन्सची बिलं ईमेलने गेली. दुसऱ्या दिवशी आपल्याच पत्त्यावरून आणखी एक मेल गेली: 'ऑडिटमुळे बँक खाते बदलले आहे, रक्कम खालील खात्यात भरावी.' लेटरहेड आपलं, खाली नाव माझं. शुद्धलेखन तर माझ्यापेक्षा बरं. दोन घरांतून पैसे गेले. एका घरी मुलाला त्याच संध्याकाळी शंका आली, त्याने लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन लावला आणि ते पैसे वाटेतच अडवता आले. दुसरं घर तिसऱ्या मजल्यावरच्या मावशींचं. त्यांना चार दिवसांनी कळलं. तोपर्यंत खातं रिकामं.

खरं तर 'खातं खरंच बदललं का?' असं तिघांनी मेलवर विचारलं होतं. आम्हाला ते दिसलंच नाही. चोराने आपल्या मेलमध्ये नियम लावून ठेवला होता, अशी उत्तरं आली की थेट कचऱ्यात.

मी काय केलं? ताबडतोब पासवर्ड बदलला, आणि तोही त्याच संगणकावरून! म्हणजे चोर घरात बसलेला असताना त्याच्यासमोरच नवी किल्ली करून घेतली. मग संगणक दुरुस्तीवाल्या मुलाला बोलावलं. त्याने डाउनलोडचं फोल्डर उघडलं, एका फाइलवर बोट ठेवलं आणि विचारलं, "हे कोणी घेतलं?" शेजारी तारीख होती, १९ नोव्हेंबर. सेक्रेटरींनी माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, मीच.

मेलला ओटीपी होता, तरी तो आत शिरला कसा, हे मला बरेच दिवस कळत नव्हतं. त्या मुलाने सोपं करून सांगितलं. आपल्या गाड्यांच्या काचेवर सोसायटीचं स्टिकर असतं. ते दिसलं की वॉचमन नाव-गाव न विचारता गेट उघडतो. ब्राउझरही एकदा पासवर्ड आणि ओटीपी घेतला की असंच स्टिकर जपून ठेवतो, त्याला कुकी म्हणतात. माझ्या त्या 'प्लेअर'ने स्टिकरच उचललं. शेवटी दुसऱ्या संगणकावरून सगळीकडचं लॉगिन रद्द केलं, नवा पासवर्ड घातला, तो नियम पुसला आणि ऑफिसचा संगणक फॉरमॅट केला. सोसायटीचं बँक खातं मात्र वाचलं, कारण आपला चेक अजून दोन सह्यांशिवाय वटत नाही. या पद्धतीला जुनाट म्हणणाऱ्यांत मीही होतो.

मीच एकटा बावळट नव्हतो, एवढंच समाधान. मार्च २०२५मध्ये मायक्रोसॉफ्टने एका हल्ल्याची माहिती दिली. जगभरातली जवळपास १० लाख उपकरणं त्यात सापडली होती, आणि सुरुवात झाली होती फुकट सिनेमे दाखवणाऱ्या बेकायदा साइटवरच्या जाहिरातींतून.

फोनवाल्यांनी हसू नये. मॅचच्या दिवशी आपल्याच ग्रुपवर कोणीतरी 'एपीके' फाइल टाकतं, 'सगळं फ्री' म्हणून. ते अ‍ॅप तुमचे मेसेज वाचायची परवानगी मागतं. क्रिकेट दाखवायला मेसेज कशाला लागतात हो? बँकेचा ओटीपी तिथंच येतो! आणि नातवाने ते आजीच्या फोनवर टाकलं, तर पेन्शनचं खातं कोणाचं?

मावशींचे ६,४०० रुपये मी भरले. त्या घेतच नव्हत्या, फार आग्रह करावा लागला. आता दर तिमाहीला बिल आलं की त्या आधी मला फोन करतात आणि खात्याचा नंबर वाचून दाखवायला सांगतात. मी खजिनदार राहिलेलो नाही, हे त्यांना माहीत आहे. तरी मी नंबर सांगतो. वाचावा लागत नाही, पाठ झालाय.