माशाच्या कानातील खडा

चंदीगडच्या पंजाब विद्यापीठातील भूशास्त्र विभागाचा नागपूरच्या मातीशी जुना ऋणानुबंध आहे. कारण प्राध्यापक अशोक सहानी व त्यांच्या शिष्यवर्गाने दख्खनच्या लाव्हाथरांमध्ये साचलेला नागपूर परिसरातील गाळ धुऊन, चाळून, सूक्ष्मदर्शकाखाली निरखून, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या प्राणिसृष्टीची जणू खानेसुमारीच केली. अशा गाळात अखंड मासा क्वचितच मिळतो. हाती येतात ते दात, खवले, मणके आणि, दैव अनुकूल असल्यास, कर्णाश्म.

कर्णाश्म म्हणजे माशाच्या अंतःकर्णातील, तोल व ध्वनी यांची जाणीव करून देणारा चुनखडीचा खडा. त्याच्या तीन जोड्या असतात. बहुतेक माशांत त्यांतील एक जोडी ठळक असते, आणि तिच्यावरील खाचेची वळणे, कडांचे दाते व एकंदर घडण जातीगणिक इतकी निराळी असते की जाणकार त्यावरून माशाचे कूळ बिनदिक्कत सांगतो. रोहू आणि मागूर यांच्या कुळांत मात्र हा मोठेपणा इतर जोड्यांकडे जातो, हे ठाऊक नसेल तर पंडितही फसावा! शिवाय, खडकातून हाडे मोकळी करणारे सौम्य आम्ल हा खडाच विरघळवून टाकते. सबब तेथे आम्ल वर्ज्य.

पुढल्या वेळी घरी घोळ किंवा ढोमा आणाल, तेव्हा डोके टाकून देण्यापूर्वी कवटीचा मागील भाग जपून फोडून पाहा. दोन टणक पांढरे खडे हाताला लागतील.