द्राक्षमळ्यातली एस्त्रेया

मेक्सिकन वंशाच्या अमेरिकी स्त्रियांच्या, म्हणजे चिकाना साहित्यातली एक कादंबरी मुद्दाम वाचावी अशी आहे: हेलेना मारिया विरामोन्तेस यांची ‘अंडर द फीट ऑफ जीझस’, १९९५ची. तेरा वर्षांची एस्त्रेया कुटुंबासोबत कॅलिफोर्नियात शेतमजुरी करत फिरते. विमानातून फवारलेलं विष अंगावर पडून आलेहो हा पोरगा आजारी पडतो. एस्त्रेयाचं कुटुंब त्याला दवाखान्यात नेतं. तिथली नर्स त्याला मोठ्या रुग्णालयात न्यायला सांगते, वर कुटुंबाजवळचे शेवटचे नऊ डॉलर सात सेंट फीपोटी ठेवून घेते. मग पेट्रोल कशानं भरायचं? एस्त्रेया गाडीतून पहार आणते, टेबलावर हाणते आणि पैसे परत घेते. बरोबर की चूक, लेखिका सांगत बसत नाही; तेच मला आवडतं. लहानपणी लेखिकेनंही उन्हाळ्यात द्राक्षं खुडली होती. पुस्तक अर्पण केलंय कापूसवेचणीत एकमेकांना भेटलेल्या आपल्या आईवडिलांना आणि शेतमजूर नेते सेझार चावेझ यांच्या स्मृतीला.