कोरेगावचा स्तंभ आणि चांद्याचा पिंपळ

(भामरागड येथील बौद्ध कुटुंबांच्या सभेत एका वकिलाने केलेले भाषण)



गेल्या हिवाळ्यात येथील काही कुटुंबांसमवेत मी कोरेगाव भीमा येथे जाऊन आलो. परतल्यावर आपल्यातील एका मुलास त्याच्या वर्गातील माडिया मित्राने विचारले, "तुमचे लोक इंग्रजांकडून लढले, आणि आमच्या बाबुरावांना इंग्रजांनीच फाशी दिले. मग तुम्ही हार कोणाला घालून आलात?" मुलगा निरुत्तर झाला. प्रश्न रास्त आहे, आणि तो टाळणे आपणांस शोभणार नाही.

प्रथम पुरावा पाहू. ३१ डिसेंबर १८१७ च्या रात्री कॅप्टन स्टॉन्टन याची तुकडी शिरूरहून पुण्याकडे निघाली. पायदळ, घोडेस्वार व दोन तोफांचे गोलंदाज मिळून माणसे सुमारे ८३४. सकाळी भीमेच्या काठी समोर दुसऱ्या बाजीरावाची फौज दिसली. ती सुमारे २८,००० होती असे सांगतात. परंतु ती सर्व लढाईत उतरली नव्हती. गावात चाल करून आल्या त्या अरब, गोसावी व मराठे यांच्या निवडक तुकड्या. रात्रभर चाललेले शिपाई दिवसभर अन्नपाण्यावाचून घराघरांच्या भिंतींआडून लढले. एक तोफ गेली, ती परत घेतली. रात्री पेशव्यांची फौज निघून गेली. कंपनीकडील मृत, जखमी व बेपत्ता मिळून २७५ भरले.

स्तंभ उभा आहे तो पेरणे गावच्या हद्दीत, नदीच्या अलीकडे, कोरेगाव पलीकडे. त्याचा पाया २६ मार्च १८२१ रोजी घातला गेला. त्यावर कंपनीच्या ४९ मृत शिपायांची नावे आहेत व त्यांतील २२ नावांच्या शेवटी 'नाक' आहे. ती आपल्या पूर्वजांची. आमच्याबरोबरच्या एका वृद्ध उपासिकेस अक्षरओळख नव्हती. तिने नातीला एकेक नाव मोठ्याने वाचावयास लावले आणि प्रत्येक नावाशी हात जोडले. मला तेथे दुसरे भाषण करावेसे वाटले नाही.

उरलेली २७ नावे इतरांची आहेत, हेही तोच दगड सांगतो. म्हणून पाचशे महारांनी अठ्ठावीस हजारांना कापून काढले असे कोणी व्यासपीठावरून सांगू लागला, तर टाळी वाजवू नका. २०१८ च्या १ जानेवारीस त्याच परिसरात हिंसाचार झाला, एका तरुणाचा जीव गेला, चौकशी आयोग बसला. जेथे इतिहासावरून माणसे मरतात तेथे फुगविलेला आकडा हा आपलाच दावा दुबळा करतो. उलटतपासणीत पहिल्याने तोच पडतो.

आता मुलाचा प्रश्न. कंपनी आपल्या मुक्तीसाठी लढली नाही. राज्य मिळविण्यासाठी लढली. पण शिपाई कशासाठी उभा राहिला? पेशव्यांच्या पुण्यात अस्पृश्याला कमरेस झाडू बांधून चालावे लागे, असे बाबासाहेबांनी १९३६ साली लिहिले आहे. त्या माणसाच्या हाती कंपनीने बंदूक व पगार दिला. त्याने इमान राखले. सरकारने मात्र राखले नाही: एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस महारांची भरती बंद झाली आणि १८९४ साली गोपाळबाबा वलंगकरांना त्याविरुद्ध अर्ज लिहावा लागला. १ जानेवारी १९२७ रोजी बाबासाहेब त्या स्तंभापाशी गेले ते इंग्रजांचे आभार मानण्यास नव्हे. ज्यांच्या रक्तावर तुम्ही जिंकलात त्यांनाच लढवय्ये नाहीत म्हणून नाकारता, हा कृतघ्नपणा त्यांनी तेथे मांडला. विजेत्याने आपल्या विजयासाठी कोरलेला दगड बाबासाहेबांनी त्याच्याचविरुद्ध पुराव्यात दाखल केला. वकील म्हणून मला याचे फार कौतुक वाटते.

आणि आपल्याच मुलखातील रणभूमी? कोरेगाव येथून किती लांब! मोलमपल्लीचे जमीनदार बाबुराव शेडमाके यांनी मार्च १८५८ मध्ये राजगड परगणा ताब्यात घेतला; १३ मार्चला नांदगाव-घोसरी येथे इंग्रजांच्या फौजेशी लढाई झाली. अडपल्लीचे व्यंकटराव त्यांस मिळाले. २९ एप्रिलला प्राणहितेच्या काठी चिंचगुंडी येथील तारखात्याच्या तळावर हल्ला होऊन गार्टलंड व हॉल हे दोघे ठार झाले. पुढे बाबुराव पकडले गेले ते अहेरीच्या जमीनदारीणबाईंच्या माणसांकडून. म्हणजे येथेही आपला व परका अशी सरळ रेघ नाही. २१ ऑक्टोबर १८५८ रोजी चांद्याच्या तुरुंगात त्यांना फाशी दिले. तेथील पिंपळ त्यांच्या नावाने ओळखला जातो. हरलेल्यांच्या नावाने विजेत्याने स्तंभ उभारला नाही. त्यांची नावे गोंडांनी आपल्या तोंडी जपली.

ज्या चांद्यात १६ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी आपल्या लोकांना दीक्षा दिली, त्याच चांद्यात हा पिंपळ आहे. आपण दीक्षाभूमीस दरवर्षी जातो. पिंपळापर्यंत आपल्यापैकी किती गेले? मीही गेलो नव्हतो, हे कबूल करतो.

त्या माडिया मुलाच्या वडिलांशी मी बोललो आहे. येत्या ऑक्टोबरात १६ तारखेस दीक्षाभूमीवर जाऊ, पाच दिवस चांद्यातच राहून २१ तारखेस तुरुंगाशी जाऊ. गाडीत त्या दोघांच्या जागा राखल्या आहेत. आणखी कोणास यावयाचे असेल त्यांनी आज सभा संपल्यावर माझ्याकडे नाव द्यावे.

जयभीम.