दोघांपुरतं छप्पर

'विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर' असं आपण म्हणतो, ते थोडं कमीपणानंच म्हणतो. ज्याला घर नाही, ठावठिकाणा नाही, अशा माणसाबद्दल. पण हल्ली आपणहून बिऱ्हाड पाठीवर घेणारी माणसं वाढली आहेत. सह्याद्रीत भटकणारी मुलं-मुली, थंडीत भिगवणला रोहित पाहायला येणारी जोडपी, आणि कुठल्याही दिंडीत नाव न घालता पालखीबरोबर आपापलं चालणारे नवरा-बायको. या सगळ्यांचा प्रश्न एकच. दोघांना पुरेल आणि पाठीला जड होणार नाही, असा तंबू कोणता घ्यावा?

मी गिर्यारोहक नाही, कविता लिहिणारा माणूस आहे. पण आमच्या बारामती-इंदापूरच्या पट्ट्यात हलकं छप्पर निवडणं ही फार जुनी विद्या आहे. कनात, शामियाना, खेमा हे शब्द फारसीच्या वाटेनं मराठीत आले, ते लष्कराबरोबर आणि दरबाराबरोबर. त्यांना वाहायला उंट असत, बैल असत. आमच्या रानातला शब्द मात्र 'पाल'. दोन काठ्या, एक कापड, चार खुंट्या. दिवाळीनंतर मेंढरं घेऊन कोकणाकडे उतरणाऱ्या धनगरांचा सगळा संसार घोड्याच्या पाठीवर असतो. घोड्याला पेलेल तेवढंच घर.

एकदा माळावर पाल ठोकणाऱ्या एका मामांना मी विचारलं, "एवढं बुटकं का?" ते म्हणाले, "उंच केलं तर वाऱ्याचं, बुटकं केलं तर आपलं." तंबूच्या दुकानात एवढ्या थोड्या शब्दांत कुणी सांगणार नाही. आमचा भाग पर्जन्यछायेतला. जून-जुलैत सह्याद्रीपलीकडे पाऊस कोसळतो, इथं बहुतेक वेळा नुसता वारा सुटतो. म्हणून आमच्याकडे तंबू घेताना पहिली पारख वाऱ्याची. बुटका, घुमटाकार, एकमेकींना छेद देणाऱ्या काठ्यांवर उभा राहणारा तंबू वाऱ्यात टिकतो. काठ्या फायबरच्या असतात किंवा ॲल्युमिनियमच्या. फायबरची काठी स्वस्त, पण जड, आणि चिरली की तिच्या चिरफळ्या होतात. ॲल्युमिनियमची हलकी, वाकली तरी बाहेरून नळीचा तुकडा चढवून रात्र निभावता येते. काठीवर पैसे वाचवू नयेत.

दुसरी पारख जमिनीची. काळ्या रानात वाळल्यावर भेगा पडतात आणि भिजल्यावर चिखल होतो. खुंटी दोन्ही वेळा दगा देते. मुरमाड माळावर पातळ खुंटी वाकते. म्हणून खुंट्यांवर भिस्त न ठेवता काठ्यांवर आपसूक उभा राहणारा तंबू आपल्याकडे बरा. पाठीवरच्या पिशवीत दगड भरून दोरी बांधली, की तो जागचा हलत नाही.

आता पाणी. तंबूच्या कापडावर १५०० किंवा ३००० मिलिमीटर असा आकडा असतो. तो पावसाचा आकडा नाही. एवढ्या उंचीचा पाण्याचा स्तंभ वर उभा केला तरी कापड गळणार नाही, असा त्याचा अर्थ. वरच्या कापडाला १५०० चालतं, पण तळाला जास्त हवं, कारण आपल्या अंगाच्या भारानं खालचं पाणी वर दाबलं जातं. तळाचं कापड चारी बाजूंनी परातीच्या काठासारखं वर आलेलं असावं.

आणि पाणी फक्त आभाळातून येतं असं नाही. डिसेंबरात भिगवण, कुंभारगावकडे उजनीच्या पाण्याकाठी मुक्काम केलात, तर पहाटे तंबू आतून ओला मिळेल. लोक म्हणतात, तंबू गळला. तो गळत नाही. दोन माणसांचा रात्रभराचा श्वास थंड कापडाला लागून त्याचे थेंब होतात. म्हणून आत जाळीचा आणि वर कापडाचा, असा दुहेरी तंबू घ्यावा. मधल्या पोकळीतून हवा खेळते. एकेरी तंबू वजनाला कमी, पण आपल्याकडे थंडीत ओल आणि उन्हाळ्यात कोंडमारा.

आता वजनाकडे येऊ. दोघांचा चांगला हलका तंबू दीड-दोन किलोच्या आसपास असतो. स्वस्तातला तीन किलोपर्यंत जातो. पैसे भरपूर मोजले तर किलोभराचाही मिळतो. दुकानदार पिशवीवरचा आकडा दाखवतो. पण त्यात कधी खुंट्या धरलेल्या नसतात, कधी दोऱ्या. सगळं भरून स्वतः काट्यावर ठेवून पाहावं. आणि तंबू दोघांचा आहे, तर ओझंही दोघांचं. कापड एकाच्या पिशवीत, काठ्या-खुंट्या दुसऱ्याच्या. आमच्याकडच्या उन्हात माणशी तीन लिटर पाणी घ्यावं लागतं, म्हणजे तीन किलो. त्यापुढे तंबूचे दोनशे-तीनशे ग्रॅम वाचवण्यासाठी दुप्पट पैसे घालणं मला पटत नाही.

कारण वजन हवेत विरत नाही. काहीतरी काढून टाकल्याशिवाय ते कमी होत नाही. काय काढलं, आणि कुणाच्या वाट्याचं काढलं, हा खरा प्रश्न आहे.

हे मला शिकवलं माझ्या बायकोनं. आषाढीच्या आधी तुकोबांची पालखी बारामतीला येते. तिथून काटेवाडीला धोतरांच्या पायघड्या आणि मेंढ्यांचं रिंगण, बेलवाडीला अश्वांचं रिंगण, मग निमगाव केतकी, इंदापूर आणि सराटी करत ती नीरा ओलांडून अकलूजला जाते. बारामती ते इंदापूर हा साधारण ५० किलोमीटरचा टप्पा आम्ही दोघांनी सोबतीनं चालायचं ठरवलं, आणि तंबू पाहायला गेलो. मी वजनाचा आकडा वाचत होतो. ती आत शिरून बसली, हात वर करून पाहिले, मग म्हणाली, "अहो, यात साडी नेसता येणार नाही. आणि दार एकच, ते तुमच्या बाजूला. पहाटे चारला मी तुम्हाला ओलांडून जायचं का?"

वारीत चाललेल्या बायकांना या प्रश्नाचं मोल कळेल. उजाडायच्या आत त्यांना आडोसा शोधावा लागतो. दिवसा कपडे बदलायचे तर चार जणी लुगडं धरून उभ्या राहतात. मोठ्या दिंडीच्या राहुट्या ट्रकमधून पुढे जातात; एकट्या-दुकट्या वारकऱ्याला शाळेची ओसरी नाहीतर झाडाची सावली. त्यातही या मार्गाचं रुंदीकरण झालं, आणि पुष्कळ जुनी झाडं गेली. अशा वेळी दोघांचा तंबू म्हणजे नुसतं झोपायचं कापड नसतं, ती भिंत असते.

आम्ही दोन दारांचा, मध्ये ताठ बसता येईल असा तंबू घेतला. तीनशे ग्रॅम जास्त. दारापुढे चपला आणि पिशव्या ठेवण्याइतका पडवीसारखा आडोसा. रुंदी सव्वा मीटर, म्हणजे दोन सतरंज्या शेजारी शेजारी, मध्ये बोटभरही जागा नाही. 'दोघांचा' म्हणून विकला जाणारा तंबू असाच असतो. अंथरूण पाहून पाय पसरावे, हे तंबूला अक्षरशः लागू पडतं. दोघांतलं एक जण अंगानं मोठं असेल किंवा सोबत लेकरू असेल, तर तिघांचाच घ्यावा.

जागेबद्दलही सांगतो. तंबू कितीही उत्तम असला तरी ओढ्याच्या पात्रात, कालव्याच्या खालच्या अंगाला ठोकू नये. २०२५च्या मे अखेरीस आमच्या कोरड्या भागात असा पाऊस झाला, की नीरा डावा कालवा फुटला आणि पाणी घराघरांत शिरलं. शेतात उतरायचं तर मालकाला विचारावं. सुप्याच्या मयूरेश्वर अभयारण्यात चिंकारा आहेत. तिथं वनखात्याच्या परवानगीशिवाय मुक्काम नाही. आणि घेतलेला तंबू आधी गच्चीवर, रात्री दिवा न लावता एकदा उभारून पाहावा.

शेवटी दोघांच्या आणखी एका छपराबद्दल बोलायला हवं. माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगर, बिजवडी ही आमच्याकडची कारखान्यांची गावं. दसरा-दिवाळीनंतर तिथं ऊसतोड मजूर उतरतात. त्यांच्या हिशेबात नवरा-बायकोच्या जोडीला 'एक कोयता' म्हणतात. त्या जोडीचं घर म्हणजे कोपी: बांबूच्या चट्या, वर पाचट किंवा प्लॅस्टिकचा कागद. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत मावेल असं, तासाभरात उभं राहणारं, खरोखरच हलकं घर. पण ते हलकं कशानं झालं आहे? न्हाणीला जागा नाही, संडास नाही, अनेकदा दाराला पडद्याशिवाय काही नाही. जे जे काढून टाकलं, ते बहुतेक बाईच्याच वाट्याचं. आमची हौस चार रात्रींची. त्यांचा मुक्काम चार-पाच महिन्यांचा, आणि तंबू निवडायला त्यांना कुणी दुकानात नेलेलं नाही.

तेव्हा तंबू घ्यायला जाल तेव्हा दोघंही जा. ज्याला पाठीवर घ्यायचा त्याला उचलू द्या, आणि ज्याची गरज जास्त त्याला आधी आत बसून पाहू द्या. त्या माणसानं मान हलवली, की मग काट्यावरचा आकडा वाचा.